मागच्या अंगणातला तुरट पेअर आणि बिघडलेली पेरी

प्रश्न थोडक्यात असा आहे: इंग्लंडात हेरफर्डशायरमध्ये लेडबरीजवळ घर घेतलं. मागे दुमजली घरापेक्षा उंच पेअरचं झाड आहे. फळं लिंबाएवढी, आणि इतकी तुरट की पोरांनी एकदा चावून थुंकली ती पुन्हा हात लावला नाही. शेजारचे आजोबा म्हणाले, हे खायचे पेअर नव्हेत, पेरीचे, म्हणजे पेअरचा रस आंबवून करायच्या दारूचे आहेत. मग सायडरची, म्हणजे सफरचंदाच्या रसाच्या दारूची, कृती शोधून, फळं गोळा करून त्याच दिवशी दळली, पिळली आणि पंचवीस लिटर रस आंबवायला ठेवला. रसाची घनता, म्हणजे साखर किती उरली ते, दाखवणारा हायड्रोमीटर १.००८ वर येऊन अडला, म्हणून जानेवारीत पुन्हा यीस्ट आणि थोडी साखर घातली. आता ते गढूळ आहे, आंबट आहे, नेलपॉलिशसारखा वास येतो आणि एक ग्लास प्यायल्यावर पोट बिघडलं. एअरलॉक (गॅस बाहेर सोडणारं, पण हवा आत न येऊ देणारं बूच) लावलेला असताना व्हिनेगर झालंच कसं? आणि यापेक्षा दुकानातले गोड पेअर आणून केलं तर?

झाड तोडू नका. हे आधी सांगतो, कारण नवीन घर घेणारे बरेच जण सावली पडते, गवतात फळं कुजतात, गांधीलमाश्या येतात म्हणून पहिल्याच हिवाळ्यात करवत बोलावतात. पेरीच्या पेअरची झाडं दोनशे-तीनशे वर्षं जगतात. इकडची म्हणच आहे की पेअर लावावा तो नातवंडांसाठी. हेरफर्डशायरमध्येच होम लेसीला एक झाड होतं, त्याच्या फांद्या वाकून जमिनीला टेकल्या, तिथे मुळं धरली आणि ते आपल्या वडासारखं पसरत गेलं. १७९० च्या सुमारास त्याने पाऊण एकर जागा व्यापली होती आणि एका हंगामात पाच ते सात टन फळ देत होतं. त्याचे अवशेष अजून जिवंत आहेत. तुमचं झाड त्या तोडीचं नसेल, पण घराआधी तेच तिथे उभं असण्याची शक्यता मोठी आहे.

मी मूळचा देवगडचा. सोळा वर्षं झाली, इथे भाड्याच्या बागेत पेरी करतो, वर्षाला दोन हजार लिटरच्या आतबाहेर. पहिली तीन वर्षं माझंही तुमच्यासारखंच झालं, आणि त्याची लाज जास्त वाटली ती मी आंब्याच्या घरातला असल्यामुळे. जे मला आजीच्या माळ्यावर कळायला हवं होतं, ते इथे पस्तिशी ओलांडल्यावर कळलं. पेरी बरणीत बिघडत नाही, ती अढीत बिघडते.

आंबा झाडावरून काढला की लगेच कोणी कापत नाही. भाताच्या पेंढ्यात अढी घालतो, रोज हात घालून चाचपतो, आणि हापूसची अढी वेगळी, पायरीची वेगळी, रायवळ तर कुठल्या दिवशी काय करेल सांगता येत नाही. पेरीच्या पेअरचं अगदी हेच आहे. सफरचंद तुम्ही आठवडाभर इकडेतिकडे केलंत तरी ते सांभाळून घेतं. पेअर घेत नाही. तो आतून बाहेर पिकतो. वरून हिरवा, टणक, सुंदर दिसतो आणि कापला तर गाभा तपकिरी लगदा झालेला असतो. म्हणून इथले जुने लोक फळं गवतावर ढीग करून ठेवतात आणि जातीजातीप्रमाणे दिवस मोजतात. बारलंड नावाचा पेअर तीन दिवसांत दळावा लागतो. मूरक्रॉफ्ट दोन दिवसही धड थांबत नाही. यलो हफकॅप पूर्ण पिकायच्या आधीच झाडावरून हलवून पाडावा लागतो, नाहीतर झाडावरच आतून कुजतो. आणि याच्या अगदी उलट टोकाला बट नावाची जात, जिला चार ते दहा आठवडे ढिगात ठेवायचं. बटबद्दल म्हणतात की एका वर्षी गोळा करा, दुसऱ्या वर्षी दळा आणि तिसऱ्या वर्षी प्या. अतिशयोक्ती आहे, पण फार नाही.

मूरक्रॉफ्टने मला जो धडा दिला तो सांगतो. २०१५ साल, २७ सप्टेंबरला अनंत चतुर्दशी होती, रविवार. शुक्रवारी चारशे किलो मूरक्रॉफ्ट पाडून ताडपत्रीवर पसरला, फळ अजून टणक होतं, आणि मी निर्धास्तपणे विसर्जनाला लंडनला गेलो. सोमवारी सकाळी परत आलो तर बागेच्या फाटकापासूनच गोड, दारूसारखा वास. वरून फळ जसंच्या तसं. एक उचललं, देठाजवळ अंगठा दाबला, आणि अंगठा थेट आत गेला, गाभ्यातून कॉफीच्या रंगाचं पाणी मनगटावर ओघळलं. त्या लगद्यातून रस निघतच नाही, प्रेसच्या कापडातून चिखल बाहेर येतो. चारशे किलोतले साडेतीनशे शेजारच्या डुकरांना गेले. तेव्हापासून माझ्याकडे पेरीच्या हंगामात गणपती दीड दिवसाचाच असतो.

तर तुमची पहिली चूक ही की फळं त्याच दिवशी दळलीत. कदाचित ती योग्य जात असेल आणि तेच बरोबर असेल, पण तुम्ही ते तपासलं नाही. देठाच्या बाजूला, मानेपाशी, अंगठ्याने दाबून पाहा. किंचित दबलं पाहिजे, रुतता कामा नये. मग दहा फळं मधोमध कापा. गाभा पांढरट-पिवळसर, बिया काळसर, आणि रस धारेवर येतो तो दिवस तुमचा. एक-दोन फळांचा गाभा नुकता तपकिरी व्हायला लागला असेल तर लगेच कामाला लागा. निम्म्यांचा झाला असेल तर यंदाचं सोडून द्या.

आता तुरटपणा. या बाबतीत मराठी माणसाला इथल्या लोकांपेक्षा सोपं जातं, कारण आपल्याकडे तुरट ही षड्रसांतली सरळ एक चव आहे, जांभूळ, सुपारी, कच्चं केळं म्हटलं की लगेच जिभेला कळतं. काजूचं बोंड चावल्यावर घसा कसा धरतो ते आठवा, पेरीचा पेअर त्याचा थोरला भाऊ. बारलंडबद्दल इंग्रज लेखक जॉन एव्हलिनने १६६४ साली छापलेल्या फळांवरच्या लेखनात आहे की भुकेलं डुक्करही त्याचा वास घेत नाही, आणि घेतलाच घास तर पहिल्या चाव्याला तोंड झटकून टाकून देतं. (माझ्या मूरक्रॉफ्टला शेजारच्या डुकरांनी नाकं मुरडली नाहीत, पण तो तेव्हा अर्धा दारूच झाला होता.) हा तुरटपणा टॅनिनचा, आणि पेरीला अंग तेच देतं. पण पेअरचं टॅनिन लबाड आहे. ते रसात विरघळलेलं दिसतं आणि आंबताना, किंवा बाटलीत भरल्यावरही, एकमेकांना चिकटून लांब साखळ्या करून खाली बसायला लागतं. तोच तुमचा गढूळपणा. त्यावर सायडरवाल्यांची पेक्टिनेझची, म्हणजे फळातलं पेक्टिन तोडून रस निवळ करणारी, पुडी चालत नाही, कारण हे पेक्टिन नाहीच.

उपाय जुना आहे. फळ दळल्यावर लगदा लगेच पिळायचा नाही. झाकून रात्रभर, फार तुरट जात असेल तर पूर्ण चोवीस तास ठेवायचा. हवेत तो तपकिरी होतो, घाबरू नका, तेवढ्या वेळात टॅनिनचा बराच भाग चोथ्यालाच चिकटून बसतो आणि पिळल्यावर चोथ्याबरोबर बाहेर जातो. पूर्वी घोड्याने ओढायच्या दगडी चाकाखाली, गोल दगडी कुंडात फळ भरडायचे. त्याला इतका वेळ लागायचा की हे काम आपोआप व्हायचं. आता स्क्रॅटरमधून, म्हणजे फळ भरडायच्या विजेच्या यंत्रातून, अर्ध्या तासात सगळं बाहेर पडतं आणि लोकांना वाटतं तेवढ्याच वेगात पिळायचंही असतं.

इथे एक बारकावा. दोन निवळ पेऱ्या एकत्र केल्या की बऱ्याचदा रात्रीत दूध होतं. एकाचं टॅनिन दुसऱ्यातल्या कशाला तरी पकडतं. म्हणून दोन झाडांची पेरी मिसळायची असेल तर आधी एका छोट्या बाटलीत त्याच प्रमाणात मिसळून दोन आठवडे खिडकीत ठेवा. बरेच जण म्हणूनच एकाच जातीची पेरी करतात, आणि माझं मत विचाराल तर तीच खरी गंमत.

व्हिनेगरचा प्रश्न तुम्ही बरोबर विचारलात, आणि त्याचं उत्तर सायडरच्या कृतीत मिळणार नाही. हवा लागून दारूचा शिरका होतो हे सगळ्यांना माहीत असतं. पण पेअरमध्ये सफरचंदापेक्षा सायट्रिक आम्ल जास्त असू शकतं, म्हणजे लिंबातलंच. लॅक्टिक जिवाणू, दह्यातल्यांचे चुलतभाऊ, हे सायट्रिक आम्ल खातात आणि त्यातून ॲसेटिक आम्ल बनवतात. त्यांना हवा लागत नाही. म्हणजे तुमचा एअरलॉक चोख होता, चोर घरातच होता. नेलपॉलिशचा वास ॲसेटिक आम्ल आणि अल्कोहोल मिळून जे इथाइल ॲसिटेट होतं त्याचा. थोडा असेल तर काही जणांना आवडतो, तुमच्या वर्णनावरून थोडा नाही.

त्या जिवाणूंना सुरुवातीलाच आवर घालायचा. रस पिळल्याबरोबर पीएच, म्हणजे आम्लतेचं माप (आकडा जितका कमी तितकं आम्ल जास्त), मोजा, वीस पौंडांचा साधा मीटर पुरे. ३.८ च्या वर असेल तर मॅलिक आम्लाची पूड थोडी थोडी घालून खाली आणा. मग कॅम्पडेनच्या, म्हणजे जिवाणू रोखणाऱ्या सल्फाइटच्या, गोळ्या: पीएच ३.५ च्या खाली असेल तर एका गॅलनला, म्हणजे साडेचार लिटरला, दोन, ३.५ ते ३.८ ला तीन. सफरचंदाला कमी चालून जातं, पण पेअरच्या रसातले काही घटक सल्फाइटला बांधून टाकतात आणि ते निकामी होतं. एक दिवस थांबा, मग यीस्ट घाला. आंबणं थंडीत, हळू होऊ द्या, दहा ते पंधरा अंशांत. स्वयंपाकघरातल्या बॉयलरशेजारी नको. फसफस थांबली की खालच्या गाळावरून निवळ वर काढून दुसऱ्या, काठोकाठ भरेल अशा भांड्यात घ्या. आणि जानेवारीत काहीही घालू नका.

कारण ते १.००८ वर अडलेलं नव्हतं. झालेलं होतं. पेअरमध्ये सॉर्बिटॉल असतं, साखरेसारखं गोड, पण यीस्ट त्याला हातही लावत नाही. सायडर पूर्ण आंबला की १.००० च्या आसपास किंवा खाली येतो, पेरी १.००५, १.०१० अशी कुठेतरी थांबते. त्यामुळेच चांगली पेरी कोरडी असूनही मागे किंचित गोडवा ठेवते, आणि साखर न घालता. तुम्ही त्यात नवीन साखर आणि यीस्ट घातलं तेव्हा झाकण उघडलं, हवा आत गेली, आणि जिवाणूंना दुसरी पंगत वाढली. महिनाभर आकडा हलला नाही तर समजा संपलं. तोपर्यंत बाटलीत भरू नका, आणि भराल तेव्हा शँपेनच्या जाड बाटल्या वापरा. साध्या बाटलीत थोडी जरी साखर उरली तरी ती फुटते. मागे एकदा गॅरेजमध्ये फुटली तेव्हा माझ्या सासूबाई तिथे लोणच्याच्या बरण्या ठेवत होत्या. त्या प्रसंगावर जास्त लिहीत नाही.

जाड बाटलीचं आठवलं म्हणून. बुडबुड्यांची दारू म्हटलं की सगळे फ्रान्सकडे पाहतात, पण कोळशाच्या भट्टीतली मजबूत इंग्रजी काच सतराव्या शतकात आली आणि त्याच काळात इकडे सायडर-पेरी बाटलीत फेसाळवली जात होती. क्रिस्टोफर मेरेट या इंग्रज वैद्याने वाइनमध्ये साखर घालून ती फेसाळ करण्याबद्दल लंडनच्या रॉयल सोसायटी या विज्ञानसंस्थेत १६६२ साली निबंध वाचला. फ्रेंचांचंही पेरीशी नातं आहे, नॉर्मंडीत दॉमफ्राँच्या परिसरातल्या पेरीला २००२ साली नियंत्रित नामांकन (त्या भागातल्या मालालाच ते नाव वापरण्याचा हक्क) मिळालं, आणि त्यात प्लाँ द ब्लाँ या जातीचे पेअर किमान ४० टक्के लागतात. ऑस्ट्रियात तर एका अख्ख्या प्रदेशाचं नाव पेरीवरून, मोस्टफिर्टेल. पण तुम्ही जिथे राहता तिथे, ग्लॉस्टरशायर, हेरफर्डशायर, वूस्टरशायर या तीन परगण्यांत, जातींची जी चंगळ आहे ती और. मे हिल नावाची टेकडी जिथून दिसते तिथेच पेरीचा पेअर मनासारखा येतो असं लोक मानतात. तुमच्या वरच्या खिडकीतून ती दिसत असेल तर झाडाला पण दिसत असणार.

पोटाचं. तेही सॉर्बिटॉल. साखररहित गोळ्या जास्त खाल्ल्या की जे होतं तेच. इकडे म्हणतात, पेरी मखमलीसारखी उतरते, गडगडाटासारखी फिरते आणि विजेसारखी बाहेर पडते. जातींची नावं ऐकलीत तर लोकांना अनुभव किती जुना आहे ते कळेल: मेरीलेग्ज, म्हणजे पाय नाचायला लागणारी, मंबलहेड, म्हणजे डोकं पुटपुटायला लागणारी. सुरुवातीला एक छोटा ग्लास, तोही जेवणाबरोबर. चांगल्या पेरीत अल्कोहोल साधारण पाच ते साडेसात टक्के असतं, बिअरच्या मापाने ढोसण्याची वस्तू नाही.

दुकानातल्या कॉन्फरन्स किंवा विल्यम्स पेअरचं विचारलंत. होईल, पण पाणचट. त्यात टॅनिन नाही, आम्ल कमी, पीएच चारच्या वर. आम्ल घालावं लागेल, आणि तरी प्यायल्यावर तोंडात काही उरणार नाही. कॅनमध्ये पेअर सायडर म्हणून जे विकतात त्यातलं बरंचसं आटवलेल्या रसापासूनचं असतं, त्याची नक्कल करायची असेल तर विकतच घ्या, स्वस्त पडेल. आणि घरच्यांना सुट्टीत दाखवायला म्हणून पुण्यात बब्बूगोशा आणून करायचा विचार असेल तर सांगतो, बब्बूगोशाचंही तेच, तो खायचा पेअर आहे. शिवाय तिथे महाराष्ट्र दारूबंदी अधिनियम, १९४९ लागू आहे, परवान्याशिवाय घरात दारू बनवणं गुन्हा आहे. इथे स्वतःच्या पिण्यापुरती करायला कोणी अडवत नाही. बाटली घेऊन जा, बरणी नको.

सध्याचे पंचवीस लिटर? वास नाकात झिणझिण्या आणत असेल तर त्याला पेरी करता येणार नाही. यीस्ट थांबलं असेल तर झाकण काढून, तोंडाला मलमल बांधून, उबदार जागी पूर्ण शिरका होऊ द्या. पेरीचा शिरका कांद्याच्या कोशिंबिरीत छान लागतो. घरात असलेल्या इतर आंबवण्याच्या भांड्यांपासून मात्र लांब ठेवा.

आणि जात ओळखून घ्या, कारण दिवस मोजायचे तर कोणाचे हे माहीत हवं. झाडाचा फोटो मला पाठवलात त्यावरून कोणी सांगू शकणार नाही. पानं सगळ्यांची सारखीच दिसतात. ग्लॉस्टरशायरमध्ये हार्टपरीला राष्ट्रीय पेरी पेअर केंद्र आहे, तिथे जुन्या जातींचा संग्रह आहे. हंगामात फळं घेऊन जा. तोवर तुमचं तुम्ही एवढं करा: सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यापासून दर तीन दिवसांनी झाडाखालची दहा फळं उचला, धुवा (सफरचंदासारखी तरंगणार नाहीत, तळाशी बुडतील, त्यामुळे माती नीट चोळून काढावी लागते), कापा, आणि वहीत तारीख घालून लिहा: किती टणक, गाभ्याचा रंग काय, चव किती तुरट. पडलेल्यांपैकी वीस-पंचवीस सावलीत पेंढ्यावर वेगळी ठेवा आणि त्यांचंही तसंच लिहा. नोव्हेंबरमध्ये ती वही मला दाखवा, यीस्ट कुठलं घ्यायचं ते त्यानंतर बोलू.